फायदे पाच, तोटे चार: इतिहासाचा अभ्यासक्रम ठरवणाऱ्यांना खुलं पत्र

प्रति,
शालेय इतिहासाचा अभ्यासक्रम आणि पाठ्यपुस्तकं ठरवणारी सर्व मंडळी,

स. न. वि. वि.

मी इतिहासाचा प्राध्यापक नाही. महसूल खात्यात कारकून म्हणून लागलो, अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालो आणि मधली नऊ वर्षं एका तालुका कचेरीच्या रेकॉर्ड रूममध्ये काढली. आता तिला अभिलेख कक्ष म्हणतात. ज्याला कुठे बसवायचं हे साहेबांना सुचत नाही त्याला तिथे बसवतात, तसा मी बसवला गेलो. लाल फडक्यातले बस्ते, वाळवी, मोडीतले कागद आणि खिडकीबाहेर नकलेसाठी ताटकळलेली माणसं. माझा इतिहासाचा अभ्यास एवढाच.

गेल्या महिन्यात नात चाचणीची उत्तरपत्रिका घेऊन आली. प्रश्न होता, ‘इंग्रजी राजवटीचे भारतावर झालेले फायदे व तोटे लिहा.’ पोरीने रेल्वे, टपाल, तारायंत्र, आधुनिक शिक्षण आणि कायद्याचं राज्य असे पाच फायदे लिहिले होते. तोटे चार : संपत्तीची लूट, हस्तोद्योगांचा ऱ्हास, दुष्काळ, फोडा आणि झोडा. बाईंनी पूर्ण गुण दिले होते. तरी हिचं समाधान नव्हतं. मला म्हणाली, “आजोबा, फायदे पाच आणि तोटे चार. म्हणजे इंग्रज एकाने जिंकले का?”

मला हसू आलं आणि उत्तर देता आलं नाही. ते उत्तर शोधताना हे पत्र लिहायला घेतलं.

माझी तक्रार बाईंबद्दल नाही, पोरीबद्दल तर नाहीच. तक्रार त्या दोन रकान्यांबद्दल आहे. नऊ वर्षं जे कागद हाताळले त्यांत मला फायद्याचा कागद वेगळा आणि तोट्याचा वेगळा असा कधी सापडला नाही. बहुतेक वेळा कागद एकच असायचा. त्याच्या एका टोकाला कुणाचं तरी भलं झालेलं असायचं आणि दुसऱ्या टोकाला कुणाचं तरी घर बसलेलं असायचं.

पुणे जिल्ह्यातल्या इंदापूरचंच बघा. १८१८ मध्ये पेशवाई गेली. त्याआधी रामराज्य होतं असं मी म्हणणार नाही. दुसऱ्या बाजीरावाच्या काळात मामलती मक्त्याने दिल्या जात आणि मक्तेदार आपले पैसे रयतेच्या अंगातून काढून घेई. पण वसुलाचा ठराव गावावर बसायचा. पाटील घासाघीस करायचा, पाऊस गेला तर सूट मागायचा, पडीक जमीन उठवायला कौल, म्हणजे सवलतीचा करार, मिळायचा. जमीन बिघ्यांत आणि चाहुरांत मोजायची आणि चाहूर सगळीकडे सारखा नसायचा. अन्याय होता, पण बोलण्याला जागा होती.

मग प्रिंगल नावाचा सहायक कलेक्टर आला. मशागतीचा खर्च वजा जाता शेतात जे निव्वळ उरतं त्यातले ५५ टक्के सरकारचे, हे सूत्र त्याने विलायतेतल्या अर्थशास्त्रावरून घेतलं आणि इंदापूरच्या मुरमाड रानावर बसवलं. खर्च किती आणि उतारा किती हे ठरवणारे खालचे नोकर जागेवर न जाता आकडे भरत होते, पैसे खात होते. आकडे कागदावर सुरेख जुळले आणि तालुका ओसाड पडला. लोक शेतं टाकून शेजारच्या मुलखात निघून गेले.

ते निस्तरायला १८३५-३६ मध्ये गोल्डस्मिड आणि विंगेट ही जोडी त्याच इंदापुरात उतरली. या दोघांबद्दल मला आदर आहे, आणि तो का, हे नीट सांगतो. त्यांनी सूत्र बाजूला ठेवलं आणि माती हातात घेतली. मातीची खोली हातांनी मोजली. चांगली खोल, पावणेदोन हातांची काळी जमीन म्हणजे सोळा आणे. तिथून खाली उतरत दोन आण्यांपर्यंत. चुनखडी आहे का, उतार आहे का, पाणथळ आहे का, वाळू आहे का, अशा एकेका दोषाला एकेक पायरी खाली. प्रत्येक शेताला नंबर, कोपऱ्यांवर दगड, आणि आकार, म्हणजे शेतावर बसवलेला सारा, ३० वर्षं बदलायचा नाही. दर खाली आणले आणि पडीक रानं पुन्हा नांगराखाली आली. १८४७ मध्ये या पद्धतीचे नियम पक्के झाले आणि मुंबई इलाख्यात तीच चालली.

ती शेतांच्या मापांची टिपणं, क्षेत्राच्या हिशेबाची ती गुणाकार बुकं, जमिनीची प्रत लिहिलेलं ते प्रतबुक मी या हातांनी उघडलेलं आहे. दोन भाऊ बांधावरून कोयते घेऊन उभे राहतात तेव्हा मोजणीवाला कसली नक्कल काढतो? त्याच काळातल्या टिपणाची. आपलं ‘सर्व्हे नंबर’, आपलं ‘गुंठा’, सोळा आण्यांची ३३ फुटी शंकूसाखळी, एक साखळी लांब नि एक साखळी रुंद म्हणजे एक गुंठा, ४० गुंठ्यांचा एकर, हे सगळं आज आपल्याला मातीइतकंच आपलं वाटतं. मुलांना हे सांगितलं पाहिजे की नाही? रेल्वे दिसते म्हणून ती फायद्यात येते. सातबारा प्रत्येकाच्या घरात आहे म्हणून कुणालाच दिसत नाही.

पण त्याच कागदाने दुसरं काय केलं तेही ऐका.

शेत एका माणसाच्या नावावर चढलं. आकार पक्का झाल्यामुळे त्या शेताला किंमत आली. किंमत आली म्हणून ते गहाण पडण्याजोगं झालं. सावकार पूर्वीही होता, व्याजही कमी नव्हतं. पण त्याला जमीन मिळवून देणारी यंत्रणा त्याच्या पाठीशी नव्हती, गाव मध्ये होता. आता दिवाणी कोर्ट आलं. कोर्टापुढे कर्जाचं खत ठेवायचं, कुळाचा, म्हणजे कर्जदाराचा, अंगठा दाखवायचा, हुकूमनामा घ्यायचा. कूळ तालुक्याच्या गावाला पोचायच्या आत एकतर्फी निकाल होऊन जायचा. खुद्द विंगेटने १८५२ मध्येच वर कळवलं होतं की हे सावकार-कुळाचं प्रकरण चिघळतंय.

त्यात १८५९ चा मुदतीचा कायदा आला. हेतू चांगला होता : साध्या खतावरचा दावा तीन वर्षांत लावा, जुनी मढी उकरू नका. झालं काय? दर तीन वर्षांनी सावकार खत नवं करून घेऊ लागला आणि थकलेलं व्याज मुदलात धरू लागला. समजा शंभर रुपये, दरसाल चोवीस टक्के. तीन वर्षांनी १७२. ते मुदल धरून नवं खत, सहा वर्षांनी २९६ च्या घरात. आणखी एक खत, नऊ वर्षांनी ५०९ च्या घरात. साधं व्याज असतं तर ३१६ झाले असते. हा हिशेब मी नातीला करायला दिला, तिने दोन मिनिटांत केला. गणिताच्या तासाला चक्रवाढ व्याज शिकवतातच, तिथे मात्र कुठलातरी ‘रमेश’ बँकेत पैसे ठेवत असतो.

पुढे अमेरिकेतल्या यादवीमुळे १८६१ ते ६५ कापसाला सोन्याचा भाव आला आणि सावकाराने हात सैल सोडला. यादवी संपली, भाव कोसळला. त्याच सुमारास इंदापूरची तीस वर्षांची मुदत संपली आणि फेरआकारणीत तालुक्याचा सारा निम्म्याहून अधिक वाढला. डिसेंबर १८७४ मध्ये शिरूर तालुक्यातल्या कर्डे गावाने सावकारावर बहिष्कार टाकला. १२ मे १८७५ ला सुप्याला बाजारच्या दिवशी लोक सावकारांच्या घरांत घुसले, आणि तिथून वणवा पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांत पसरला. दोन्ही जिल्ह्यांत मिळून नऊशेहून जास्त माणसं पकडली.

माझ्या दृष्टीने हा महाराष्ट्राच्या इतिहासातला अत्यंत शहाणा दंगा आहे. मारहाण फार थोडी. लोकांनी मागितले ते कागद : खतं, रोखे, हुकूमनामे, वह्या. ज्याने मुकाट काढून दिले त्याच्या अंगाला बोट लावलं नाही. ज्याने दिले नाहीत त्याचं घर पेटलं. अक्षरशत्रू माणसांना नेमकं कळलं होतं की आपल्याला बांधणारी दोरी कुठे आहे. आणि आपल्या पुस्तकांत १८५७ वर पानंच्या पानं असतात, सुप्याला एखादा परिच्छेद मिळाला तर मिळाला. तलवारी नव्हत्या, घोडे नव्हते, चित्र काढायला काही नाही, म्हणून असेल.

सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा केला. कोर्टाला खताच्या मागे जाऊन खरा व्यवहार तपासायची मुभा मिळाली, हप्ते बांधून देता आले. हा नक्की फायदा, लिहा पहिल्या रकान्यात. आणि लगेच पुढचं वाक्यही लिहा, की सावकाराने गहाणखत सोडून सरळ खरेदीखत करून घ्यायला सुरुवात केली. पैसे फिटले की जमीन परत, हे फक्त तोंडी. ‘कर्जापोटी खरेदीखत’ हे शब्द कुठल्याही तालुक्याच्या चावडीवर उच्चारून पाहा, चार जण आपापली कहाणी सांगायला पुढे येतील. २०१४ च्या आपल्या सावकारी कायद्यातसुद्धा अशी बळकावलेली जमीन परत देण्याचं कलम घालावं लागलं, त्याचं मूळ इतकं मागे जातं.

दंगा शमतो न शमतो तोच १८७६-७८ चा दुष्काळ पडला. सोलापूर, नगर, कलादगी (आताचा विजापूर-बागलकोट भाग), खाली मद्रास आणि म्हैसूर. हिंदुस्थानभर मिळून पन्नास लाखांवर माणसं गेली असं अंदाज सांगतात. त्याच वेळी, १ जानेवारी १८७७ ला, दिल्लीत राणीला सम्राज्ञी म्हणून जाहीर करण्याचा दरबार भरला होता. दुष्काळी कामांची पाहणी करायला रिचर्ड टेंपल नेमला गेला. खडी फोडणाऱ्या माणसाला दिवसाला एक पौंड धान्य आणि एक आणा पुरे, असं त्याने ठरवलं. इलाख्यातल्या दुष्काळी कामांवरच्या मजुरांनी त्या मजुरीवर काम करायचं नाकारलं. उपाशी माणसांचा संप. हेही आमच्या पुस्तकांत नव्हतं. पुण्याच्या सार्वजनिक सभेने तालुक्यातालुक्यातून माहिती जमवून सरकारला आकड्यांत उत्तरं दिली. टेंपल पुढे त्याच वर्षी मुंबईचा गव्हर्नर झाला. रेल्वे होतीच. ती दुष्काळी भागात धान्य आणत होती आणि गहू बंदराकडे नेतही होती, निर्यात थांबलेली नव्हती. नातीच्या उत्तरपत्रिकेत रेल्वे एका रकान्यात आणि दुष्काळ दुसऱ्या रकान्यात बसलेला आहे, आणि दोघांची कधी गाठच पडत नाही.

या दुष्काळानंतर आयोग आला आणि १८८० च्या दशकात दुष्काळाचे नियम तयार झाले. कधी कामं काढायची, सारा कधी तहकूब करायचा, कधी माफ. म्हणजे सरकारने प्रथमच लेखी कबूल केलं की अमुक झालं तर आम्ही तमुक करू. टिळकांनी १८९६ च्या दुष्काळात हेच कागद ‘केसरी’तून रयतेपुढे ठेवले आणि सांगितलं की हा तुमचा हक्क आहे, भिऊ नका. १९१८ मध्ये खेड्याला (हा गुजरातेतला खेडा जिल्हा) गांधींचा सगळा झगडा पीक चार आण्यांच्या आत आहे की वर, यावरच होता. सोळा आण्यांपैकी चार. विंगेटने मातीला लावलेले आणे एव्हाना पिकाला लागले होते, त्याला आम्ही आणेवारी म्हणतो.

आणे चलनातून गेले तशी आणेवारीची पैसेवारी झाली. पन्नास पैशांच्या आत आली तर सवलती, वर राहिली तर नाही. नजर आणेवारीच्या बैठकांना मी हजर राहिलेलो आहे. शिवारात काय उभं आहे यापेक्षा वरून कितीची ‘अपेक्षा’ आहे हे बघून आकडा लिहिला जाताना पाहिलेला आहे. कुठे, कधी, ते सांगणार नाही. ५१ आणि ४९ या दोन आकड्यांत किती चुली असतात हे प्रिंगलच्या नोकरांनाही कळलं नव्हतं आणि आमच्यातल्या काहींनाही नाही.

आता एक अवघड गोष्ट. आजवर मी जे लिहिलं ते शेतकऱ्याच्या बांधावरून. पण गावकुसाबाहेर उभं राहिलं की त्याच कागदाचा रंग बदलतो.

महार वतन घ्या. गावाची जागल करायची, सांगावे पोचवायचे, सरकारी अंमलदार आला की पुढे धावायचं, आणि बदल्यात बलुतं आणि तुकडाभर इनाम जमीन. ही उतरंड आपली, घरचीच. इंग्रजांच्या माथी ती मारता येणार नाही. त्यांनी १८७४ च्या वतन कायद्याने तिला शिक्का दिला. चोवीस तास राबवून घ्यायला सरकार पुढे, मोबदल्याचा भार मात्र बराचसा गावाच्या मर्जीवर. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ मध्ये मुंबई कायदेमंडळात हा कायदा बदलणारं विधेयक मांडलं, कारण या वतनात त्यांना गुलामगिरीच दिसत होती. ते तडीला गेलं नाही. अशी कनिष्ठ वतनं कायद्याने रद्द व्हायला १९५८ उजाडावं लागलं, म्हणजे स्वराज्याचीही अकरा वर्षं त्यात गेली.

आणि याच राजवटीत महारांना पलटणीत शिरकाव मिळाला, वाचता-लिहिता आलं, पेन्शन मिळालं. मग १८९० च्या दशकात ‘लढाऊ जातीं’चं खूळ निघालं आणि भरती बंद झाली, तेव्हा गोपाळबाबा वलंगकरांसारख्या पेन्शनरांना अर्ज लिहिता आले ते त्याच शिक्षणामुळे. जोतिराव फुल्यांनी १८८२ मध्ये शिक्षणाची चौकशी करणाऱ्या हंटर आयोगापुढे सांगितलं की सरकारची तिजोरी भरते रयतेच्या घामाने आणि शिक्षणाचा खर्च होतो वरच्या वर्गांवर. म्हणून बारा वर्षांपर्यंतच्या मुलांना प्राथमिक शिक्षण सक्तीचं करा, अशी त्यांची मागणी होती. आता सांगा, ‘आधुनिक शिक्षण’ कुठल्या रकान्यात टाकायचं? ज्यांनी ते घेतलं त्यांना विचारून, की ज्यांच्या साऱ्यातून ते उभं राहिलं त्यांना? फुल्यांनी इंग्रजांची बाजू घेतली की विरोध केला, असं मुलांना विचारतात. ते इंग्रजांना हिशेब मागत होते.

रामोशांची गोष्ट याहून कडू आहे. किल्ल्यांच्या आणि गावांच्या राखणीवर जगणारी ही माणसं. पेशवाई गेली आणि किल्ले ओस पडले, हक्क बुडाले. उमाजी नाईक १८२६ पासून लढला, ३ फेब्रुवारी १८३२ ला त्याला पुण्यात फाशी दिली. पुढे १८७१ मध्ये गुन्हेगार जमातींचा कायदा उत्तर हिंदुस्थानात आला आणि १९११ च्या कायद्याने तो मुंबई इलाख्यातही पसरला. जन्मानेच गुन्हेगार. पारधी, कैकाडी, टकारी. हजेरी लावल्याशिवाय गाव सोडायचं नाही. सोलापुरात तारेच्या कुंपणात वसाहत उभी केली आणि तिथली माणसं गिरण्यांत कामाला जात. त्या भागाला सोलापूरकर अजून ‘सेटलमेंट’च म्हणतात. कायदा ३१ ऑगस्ट १९५२ ला रद्द झाला, विमुक्त दिन त्याचाच. लमाणांना तर कुणी लढाईत हरवलं नव्हतं. पक्क्या सडका आणि आगगाडी आली आणि बैलांच्या तांड्यावर चालणारा त्यांचा व्यापार संपला.

माझ्या खिडकीवर एकदा अशाच एका विमुक्त जमातीतला मुलगा आला होता. जातीच्या दाखल्यासाठी १९६१ च्या आधीचा वास्तव्याचा पुरावा हवा होता. भटक्या-विमुक्तांसाठी २१ नोव्हेंबर १९६१ ही तारीख धरतात. आजोबांची शाळा नाही, जमीन नाही, घर नाही, तर पुरावा कुठला? मी नियमाप्रमाणे म्हणालो, “कागद आणा, मग बघू.” तो तीनदा आला, तीनदा मी तेच म्हणालो. चौथ्यांदा आला तेव्हा कुणीतरी वाट दाखवल्यामुळे पोलिसांच्या जुन्या हजेरीपटाची नक्कल घेऊन आला होता. त्यात आजोबाचं नाव, जात, गाव, उंची आणि डाव्या गालावरचा व्रण, सगळं होतं. दाखला मिळाला. ज्या वहीने आजोबाला गुन्हेगार ठरवलं होतं तिनेच नातवाला सवलत मिळवून दिली. त्याच्या चेहऱ्यावर आनंद नव्हता. मला त्याने विचारलं, “साहेब, याची एक प्रत मला ठेवता येईल? आजोबांचा फोटो नाही आमच्याकडं.”

बोला, फायदा की तोटा?

बाकीचं भराभर सांगतो. १८७८ च्या कायद्याने जंगल सरकारचं झालं आणि काल सरपण आणणारी बाई आज चोर ठरली. १९३० मध्ये बिळाशीला, चिरनेरला, पुसदला लोकांनी गवत नि झाडं कापून सत्याग्रह केला तो यासाठी. १९२७ चा वन कायदा अजून आहे. २००६ च्या वनहक्क कायद्यात आदिवासी नसलेल्या पारंपरिक वनवासीयांना तीन पिढ्यांचा, म्हणजे ७५ वर्षांचा, पुरावा मागतात. पुन्हा कागद. १८९४ चा भूसंपादन कायदा धरणासाठी मुळशीच्या मावळ्यांवर चालला, सेनापती बापट त्याविरुद्ध उभे राहिले, आणि तो कायदा २०१३ अखेर जिवंत होता. १८९७ मध्ये प्लेगसाठी केलेला साथरोग कायदा २०२० च्या मार्चमध्ये आपणच पुन्हा उघडला. इंग्रज गेले ते साहेब म्हणून. दफ्तर इथेच राहिलं आणि आम्ही त्याच खुर्च्यांवर बसलो. वरचा तो मुलगा तीनदा परत गेला तो कुठल्या गोऱ्या कलेक्टरमुळे? माझ्यामुळे.

एक गंमत सांगायची राहिली. पेशवे दफ्तर, ज्यावर आपल्या इतिहासकारांच्या पिढ्या पोसल्या, ते आज पुण्यात इतकं नीट लावलेलं का सापडतं? इनाम कमिशनमुळे. लोकांची इनामं खरी की खोटी हे तपासून काढून घेता यावीत म्हणून सरकारने ते जुने कागद धुंडाळले, लावले, जपले. कित्येक घराण्यांची इनामं त्यात गेली. आपला इतिहास वाचला.

तर मागणं एवढंच आहे. ‘फायदे व तोटे लिहा’ हा प्रश्न काढून टाका. त्याजागी मुलांना एक कागद द्या. आठवी-नववीच्या मुलाला त्याच्या गावच्या एका गटाचा सातबारा आणि जुन्या सर्व्हे नंबरचं टिपण शेजारी ठेवून द्या. शहरातल्या पोराला आजीच्या गावचं द्या, किंवा त्याची इमारत ज्या जमिनीवर उभी आहे तिचं. विचारा की यात नाव कुणाचं आहे, कुणाचं असायला हवं होतं आणि नाही, इतर हक्कांच्या रकान्यात काय आहे, बाईचं नाव कधी लागलं, फेरफार कशाने झाला. तालुक्याच्या अभिलेख कक्षात वर्षातून एकदा वर्ग घेऊन जायची सोय करा. महसूल खात्याला तुमच्याकडून एक पत्र गेलं तर ते होऊ शकतं, हे मी आतल्या माणसाच्या अनुभवाने सांगतो. सुप्याच्या धड्यात सनावळी कमी द्या आणि एक खत छापा, व्याजासकट, मुलांना ते सोडवू द्या. कर्डे, सुपे, इंदापूर, चिरनेर, बिळाशी ही नावं प्लासी-बक्सारइतकी तोंडात बसायला हवीत, निदान महाराष्ट्रातल्या मुलांच्या.

कुणी म्हणेल, मुलांना हे रुक्ष वाटेल. नातीला मी आमच्या गटाचं टिपण दाखवलं. शेताच्या त्या वेड्यावाकड्या आकृतीवर तिने बोट फिरवलं आणि विचारलं, “आजोबा, हे मोजायला आले तेव्हा आपल्या शेतात कोण उभं होतं?” मला माहीत नव्हतं. टिपणात शेताची मापं होती, कसणाऱ्याची नव्हती.

शेवटी एक. आमच्या कचेरीतलं भंगार लिलावात निघालं तेव्हा त्यातली एक जुनी शंकूसाखळी मी पदरचे पैसे भरून घेतली, पावती आहे. पूर्ण ३३ फूट, दोन कड्या गंजल्यात, बाकी शाबूत. कुठल्याही शाळेने बोलावलं तर ती घेऊन यायला मी तयार आहे. मैदानावर मुलांच्या हातून एक गुंठा आखून दाखवीन. येण्याजाण्याचा खर्च नको. फक्त शनिवार सोडून बोलवा. त्या दिवशी मी एका वकिलाकडे मोडी वाचायला बसतो.

कळावे,
आपला,
एक निवृत्त अव्वल कारकून